आधी तो प्राध्यापक झाला

माझा नवरा निवृत्त झाल्यावर प्राध्यापक झाला, ही बातमी मला मेथी निवडताना कळली. त्याचा मोबाइल वाजला, तो गॅलरीत जाऊन बोलला आणि आत येऊन म्हणाला, "झालं. याचिका मान्य झाली."

"अरे वा," मी म्हटलं आणि पुढची काडी खुडली.

तो तसाच उभा राहिला. "अगं, एवढंच?"

"मग काय फुगडी घालू?"

तो हसला, मीही हसले. मग त्याने त्याच्या बहिणीला फोन लावला, आणि मी ती सगळी जुडी इतकी बारकाईने निवडली की पानांपेक्षा कचरा जास्त झाला.

कॉलेजात शिकवणाऱ्या कुणालाही लोक प्राध्यापक म्हणतात, त्यामुळे बाहेरच्याला यातली गोम कळत नाही. आमच्यात पायऱ्या असतात. आधी सहायक प्राध्यापक, मग सहयोगी, आणि शेवटी नुसतं, बिनविशेषणाचं प्राध्यापक. वर जायला नोकरीची ठरलेली वर्षं भरावी लागतात, उजळणी वर्ग करावे लागतात, संशोधन छापून यावं लागतं, आणि मग विद्यापीठाने नेमलेली समिती मुलाखत घेते. सरकारी कागदांत याला स्थाननिश्चिती म्हणतात. स्टाफरूममध्ये सगळे 'कॅस' म्हणतात.

नवरा गिरगावातल्या एका कॉलेजात राज्यशास्त्र शिकवायचा, मी परळच्या एका कॉलेजात अर्थशास्त्र. दोघांचेही प्राध्यापकपदाचे प्रस्ताव निवृत्तीच्या आधी गेले होते. समिती काही बसली नाही. आज माणसं नाहीत, उद्या आचारसंहिता, परवा कुलगुरू नवीन. असं करत आधी तो निवृत्त झाला, मागोमाग मी. मग उत्तर आलं की निवृत्त माणसाची मुलाखत घेता येत नाही.

इथपर्यंत आमची गोष्ट एकच होती. पुढे फाटा फुटला. समितीला उशीर झाला यात शिक्षकाचा काय दोष, एवढाच त्याच्या याचिकेतला प्रश्न होता. त्याच्यासारखे आणखी काही जण होते, त्यांनी मिळून एक वकील केला. माझ्या प्रस्तावावर मात्र वेगळाच शेरा होता: अपात्र. कारण मुलगी लहान असताना मी वर्षभराहून थोडी जास्त बिनपगारी रजा घेतली होती. तो काळ नोकरीत धरला तर मी निवृत्तीच्या काही महिने आधी पात्र ठरत होते. नाही धरला तर निवृत्तीनंतर, म्हणजे कधीच नाही.

"आधी माझं होऊ दे," तो तेव्हा म्हणाला होता. "आमचा निकाल आला की त्याच्या आधाराने तुझी याचिका टाकू. उगाच दोन दोन आघाड्या कशाला?"

मला ते पटलं होतं. आमच्या घरात 'आधी माझं होऊ दे' हे नेहमी पटण्यासारख्या वेळीच बोललं जायचं.

निकालाच्या दुसऱ्या दिवशी नणंद आली. गिरगावात एकटीच राहते, माझ्या नवऱ्याहून मोठी, शाळेत मुख्याध्यापिका होती. पेढे आणि घरच्या अळूवड्या घेऊन आली, भावाच्या तोंडात पेढा कोंबला आणि रडली. "बाबा असायला हवे होते. आजोबा मास्तर, बाबा हेडमास्तर, आणि हा प्राध्यापक. आपल्या घराण्याचं वर्तुळ पूर्ण झालं."

मी चहा टाकायला आत गेले. माझ्या माहेरच्या घराण्यात माझ्याआधी कुणी मॅट्रिकसुद्धा नव्हतं. माझे वडील लालबागच्या गिरणीत साच्यावर कापड विणायचे, आई घरी खानावळ चालवायची. पण हे बोलायची ती वेळ नव्हती, आणि बोलले असते तर कुणी म्हणालं असतं, मग तू किती पुढे आलीस बघ. ते ऐकायची माझी तयारी नव्हती.

त्या दिवसांत माझ्या मनात काय काय चालायचं, ते आठवलं की आजही कानशिलं तापतात. नवरा चहा पिताना आवाज करतो हे मला लग्नानंतर इतक्या वर्षांनी प्रथमच ऐकू यायला लागलं. दुपारी तो जेवून आडवा झाला की पाच मिनिटांत घोरायचा, आणि मला त्या झोपेचा हेवा वाटायचा. दादरला शिवाजी पार्कच्या कट्ट्यावर त्याचा निवृत्तांचा गट बसतो. तिथून कुणी ना कुणी ओरडायचं, "या, प्राध्यापक महाशय!" मग ते माझ्याकडे बघून म्हणायचे, "वहिनी, आता पार्टी हवी." मी कट्ट्याच्या उलट बाजूने चालायला लागले. कुटुंबाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर अभिनंदनांची रांग लागली, तेव्हा मीही अंगठा टाकला, पण सगळ्यांचे पडून गेल्यावर.

आणि मी मनातल्या मनात त्याला तपासायला लागले. त्याचे छापून आलेले लेख मला पाठ होते, कारण त्यातले निम्मे मी टाइप केले होते. हा लेख ठीक, हा तर नुसता गोषवारा, या दोनांत एकच मुद्दा. माझा प्रबंध गिरणगावातल्या खानावळवाल्या बायकांवर. त्यासाठी मी लालबाग-परळमधल्या किती खोल्यांचे उंबरे झिजवले होते! त्याच्याकडे असं काय होतं? मग माझं मलाच वाटायचं, परीक्षक असते तर मी याला नापास केलं असतं. हे वाटून बरं वाटायचं, आणि बरं वाटलं म्हणून पुन्हा वाईट वाटायचं.

एक दिवस त्याचे जुने सहकारी जेवायला येणार होते. मी भात, आमटी, सुरमई सगळं करून ठेवलं आणि सांगितलं, "आईला बरं नाहीये, मी लालबागला जाऊन येते." आईला चांगलं बरं होतं. चाळीच्या जागी आता टॉवर झालाय, त्यातल्या नव्या खोलीत ती माझ्या भावाकडे राहते. नव्वदी जवळ आली तरी सुकट निवडायला बसते.

माझ्याकडे एकदा बघून तिच्या मालवणीत म्हणाली, "घोवाक मोठेपण गावला, मगे तुझा तोंड असा कित्याक?"

"काही नाही गं. दमलेय."

"माका शिकवू नको. पोटात दुखता तुझ्या."

तिने सुकटीची अर्धी पाटी माझ्यापुढे सरकवली. तिथे बसून डोकी मोडता मोडता मला वाटलं, त्याचं झालं, आता माझं का थांबलंय? त्याचा निकाल येऊन दोन महिने होत आले होते, त्याची मुलाखतही उरकली होती. 'आधी माझं होऊ दे'मधलं 'आधी' संपलं होतं, आणि 'नंतर'चं नाव त्याने काढलं नव्हतं. मीही काढलं नव्हतं, कारण त्याने काढावं अशी मी वाट बघत होते.

घरी गेल्यावर मी त्याला सांगितलं, "उद्या मी वकिलाकडे जाते. तुझा वकील नको. मी वेगळी बघितली आहे."

"अगं, पण आमच्या वकिलांना सगळं माहितीये."

"तुझं माहितीये."

तो मग म्हणाला, "मी येऊ?"

नको म्हणायचं होतं, पण "ये," म्हटलं.

वकीलबाई फोर्टात एका जुन्या इमारतीत बसायच्या, वयाने माझ्या मुलीएवढ्या. त्यांनी कागद चाळले आणि म्हणाल्या, "मॅडम, समितीच्या उशिराचा मुद्दा सरांच्या निकालाने सुटतो. तुमचं सगळं त्या रजेवर आहे. विशेष परिस्थिती असेल तर अशी रजा नोकरीत धरता येते. कशासाठी घेतली होती?"

मी सांगितलं. मुलीला जन्मापासून श्वासाचा त्रास होता. रात्री-अपरात्री परळच्या हॉस्पिटलात धावायला लागायचं. सांभाळायला ठेवलेल्या बाई घाबरून सोडून गेल्या. सासूबाई नव्हत्या, माझी आई खानावळ टाकून येऊ शकत नव्हती.

"आणि सर?"

"त्याचा प्रबंध शेवटच्या टप्प्यात होता. त्याचे मार्गदर्शक निवृत्त होणार होते, त्याआधी संपवणं भाग होतं."

"म्हणजे दोघांनी मिळून ठरवलं की तुम्ही थांबायचं."

मी हो म्हणणार होते. इतकी वर्षं मी सगळ्यांना तसंच सांगत आले होते. पण शेजारून नवरा म्हणाला, "नाही. ठरवलं वगैरे काही नाही. मी तिला विचारलंच नव्हतं."

मी त्याच्याकडे बघितलं. तो टेबलावरच्या पेपरवेटकडे बघत होता.

"म्हणजे?" वकीलबाईंनी विचारलं.

"म्हणजे एका सकाळी तिने सांगितलं की मी रजा टाकतेय. मी बरं म्हटलं आणि लायब्ररीत गेलो. मी घेऊ का रजा, असं मी म्हटलं नाही. सुचलंच नाही म्हणा ना."

"हे प्रतिज्ञापत्रावर द्याल?"

"देतो."

"नको," मी म्हणाले. दोघंही माझ्याकडे बघायला लागले. "त्याच्या साक्षीवर मला प्राध्यापक व्हायचं नाही."

वकीलबाई शांतपणे म्हणाल्या, "मॅडम, घरात काय झालं ते घरातलाच माणूस सांगणार. विचार करून कळवा."

परत आल्यावर जिन्यात मी त्याला विचारलं, "विचारलं नव्हतंस हे तुला कधी कळलं?"

"तू पीएचडीला नाव घातलंस तेव्हा. मुलगी शाळेत जायला लागली होती. तू स्वयंपाकघरात ओट्यावर वही ठेवून लिहायचीस. तेव्हा वाटलं, हिचं हे आधी होऊ शकलं असतं."

"मग तेव्हा बोलला नाहीस?"

"बोलून काय झालं असतं?"

किल्ली कुलपात फिरत नव्हती. त्याने हात पुढे केला, मी तो बाजूला सारला आणि कुलूप स्वतःच उघडलं.

मुलगी ठाण्याला असते. तिला हे तिच्या बाबांकडून कळलं. तिने मला फोन केला. "आई, म्हणजे केस माझ्यावरच आहे की."

"तुझ्यावर काय? तू तेव्हा एवढीशी होतीस."

"हो, पण मी आजारी नसते तर..."

"तू आजारी नसतीस तर दुसरं काहीतरी निघालं असतं," मी म्हटलं. माझं मलाच आश्चर्य वाटलं, कारण ते खरं होतं. मग ती म्हणाली, "बाबांचं प्रतिज्ञापत्र घे गं. तुझं काय जातंय?" तिचा स्वभाव तिच्या आजीवर गेलाय.

मी घेतलं. जिंकायचं होतं म्हणून घेतलं.

सुनावणीला आम्ही दोघं मागच्या बाकावर बसलो होतो. आमचा नंबर लागायला दुपार झाली. सरकारी वकिलाने सांगितलं की रजेचा काळ वगळला तर बाई निवृत्तीआधी पात्रच होत नाहीत, तेव्हा पुढचे प्रश्न उरतच नाहीत. न्यायमूर्ती दोघं होते. थोरल्यांनी विचारलं, रजा कशासाठी? वकीलबाईंनी नवऱ्याचं प्रतिज्ञापत्र वाचून दाखवलं. मुलीचा आजार, त्याचा प्रबंध, त्याने न विचारणं, आणि त्या वर्षाचा फायदा त्याला झाला हेही. इंग्रजीत ते सगळं फार सभ्य वाटत होतं.

न्यायमूर्तींनी चष्मा काढला. "हे गृहस्थ हजर आहेत का?"

वकीलबाईंनी मागे हात केला. नवरा उठून उभा राहिला.

न्यायमूर्ती म्हणाले की नवऱ्याने शपथेवर इतक्या मोकळेपणाने असं सांगणं त्यांनी क्वचितच पाहिलंय, आणि न्यायालय याची कौतुकाने नोंद घेतं. पुढच्या बाकांवरचे काळे कोट वळून बघायला लागले. एक तरुण वकील मुलगी तर त्याच्याकडे बघून हसली. नवऱ्याने हात जोडले, लाजला आणि खाली बसला.

मी त्याच्या शेजारी बसले होते. माझ्याकडे कुणीही बघितलं नाही.

रजा मी घेतली होती. ते वर्ष माझं गेलं होतं. मुलीला छातीशी धरून वाफ मी दिली होती. आणि कौतुक त्याचं झालं, कशाबद्दल, तर त्याने काहीच केलं नव्हतं हे कबूल केल्याबद्दल! मला त्या बाकावर इतका मत्सर वाटला की पुढे न्यायमूर्ती काय बोलले ते मला धड ऐकू आलं नाही. वकीलबाईंनी बाहेर आल्यावर सांगितलं, तेव्हा कळलं की रजेचा काळ धरायचा आणि विद्यापीठाने समिती बसवून माझी मुलाखत घ्यायची, असा आदेश झालाय. आजारी मुलासाठी आईने घेतलेली रजा ही कामात पडलेला खंड मानता येणार नाही, असंही ते म्हणाले होते.

"अभिनंदन, मॅडम," वकीलबाई म्हणाल्या. मग वळून, "आणि सर, थँक यू. तुमच्यामुळे सोपं झालं."

संध्याकाळी नणंदेचा फोन आला. त्याने तिला सांगितलंच होतं. "अगं, कोर्टात जज्जांनी माझ्या भावाचं कौतुक केलं म्हणे. मन मोठं लागतं हो त्याला. तू नशीबवान आहेस."

"हो ताई," मी म्हटलं, "तुम्ही जेवलात का?"

फोन ठेवला आणि मी त्याच्यावर तुटून पडले. काय बोलले ते सगळं लिहिण्यासारखं नाही. तो ऐकत राहिला. शेवटी म्हणाला, "मग मी काय करायला हवं होतं ते तरी सांग."

"गप्प बसायला हवं होतंस."

"तू हरली असतीस."

"हो."

"हरलेलं चाललं असतं तुला?"

"नाही," मी म्हटलं. "तेही नसतं चाललं."

"म्हणजे माझी सुटका नाही."

"नाही," मी म्हणाले. त्याला हसू फुटलं. मला हसायचं नव्हतं, पण हसू आलं. त्यानंतर मी भाकऱ्या टाकल्या आणि त्याने ताटं घेतली. राग गेला नव्हता. भूक लागली होती.

मुलाखतीला बोलावणं यायला बरेच महिने गेले. निवृत्त होऊन इतका काळ गेल्यावर आपल्या संशोधनाच्या फायली काखोटीला मारून समितीपुढे बसायचं, म्हणजे एखाद्या आजीबाईला बघायला पाहुणे यावेत तसं. मी परळच्या दुकानातून नवी कॉटनची साडी घेतली. नवऱ्याने "मी येतो" म्हटलं, मी म्हटलं, "खाली थांब. वर यायचं नाही."

समितीत पाच जण होते. दोघं मोबाइलमध्ये होते. एकाने विचारलं की निवृत्तीनंतर हे सगळं कशाला, तेव्हा मी म्हटलं, "हे प्रश्न तुम्ही निवृत्तीआधी विचारायचे होते." बाहेरून आलेल्या एक बाई होत्या, बहुधा नागपूरकडच्या. त्यांनी माझा प्रबंध खरंच वाचला होता. त्यांनी विचारलं, "खानावळ चालवणाऱ्या या बायका स्वतः जेवायच्या कधी?"

इतक्या वर्षांत मला हे कुणी विचारलं नव्हतं. मी सांगायला लागले. गिरणीच्या तीन पाळ्यांबरोबर तीन पंगती उठायच्या. माझी आई दुसऱ्या आणि तिसऱ्या पाळीच्या मधे, भांडी घासून झाल्यावर, चुलीशी उभी राहूनच जेवायची. खानावळ वडिलांच्या नावाने ओळखली जायची, तरी वडिलांना डाळीत मीठ किती ते ठाऊक नव्हतं. कुठली बाई उधारी कशी वसूल करायची, कुणाला पान मांडायचं नाकारायची, संपात सगळ्यांच्या चुली थंडावल्या तेव्हा कुणी काय विकलं. मोबाइलवाले दोघंही ऐकायला लागले. बाई मधेच विचारत होत्या, मी बोलत होते. किती वेळ गेला मला कळलं नाही. त्या खोलीत मी कुणाची बायको नव्हते की कुणाच्या निकालाच्या आधाराने आलेली नव्हते. मत्सर असा पूर्ण उतरला होता की तो होता हेही बाहेर आल्यावर आठवलं.

नवरा खाली झाडाखाली उभा होता. "कसं झालं?"

"बरं झालं."

"काय विचारलं?"

"नेहमीचंच," मी म्हटलं. त्याला नाही सांगितलं. ते मला माझ्याकडे हवं होतं.

आदेश आला. मी प्राध्यापक झाले, निवृत्तीच्या काही महिने आधीच्या तारखेपासून. तो त्याच्या तारखेप्रमाणे कितीतरी वर्षं आधी झालेला. म्हणजे कागदोपत्री तो मला ज्येष्ठ, आणि तो कायमच राहणार. हे मला अजून टोचतं. आईला सांगितलं तर ती म्हणाली, "गावला ना? मगे जेव आता." नणंदेने पेढे आणले, या वेळी रडली नाही. तेही मी टिपलं.

हल्ली मात्र एक नवीन झालंय. माझ्या निकालाची बातमी पसरली, आणि रजांमुळे अडकलेल्या निवृत्त बायकांचे फोन यायला लागले. कुणी आजारी सासूसाठी थांबलेली, कुणी जुळ्या मुलांसाठी. त्यांना नंबर मिळतो नवऱ्याचा, कारण शिक्षक संघटनेच्या यादीत त्याचाच आहे. तो उत्साहाने "बोला, बोला" म्हणतो, त्याच्या निकालाचं सांगायला लागतो. पलीकडून आवाज येतो, "सर, ते ठीक आहे, पण जरा मॅडमना द्या ना."

परवा असाच एका बाईंशी मी तासभर बोलले. तो समोरच्या खुर्चीत पेपर धरून बसला होता, पण पान उलटत नव्हता. फोन ठेवल्यावर म्हणाला, "माझ्या केसमधलाही मुद्दा त्यांना उपयोगी पडला असता. मला विचारलंच नाही त्यांनी."

त्याचा चेहरा जरा उतरला होता. मी पुढचा नंबर फिरवला.